छताची पांढरी : पांढुर्णा-सौसरपासून गोव्यापर्यंत

श्रावणी अमावास्येला पोळा असतो. दुसऱ्या दिवशी, भाद्रपद प्रतिपदेला, पांढुर्ण्यात जाम नदीच्या पात्रात गोटमार होते. नदीत पळसाचे झाड रोवतात, त्यावर झेंडा बांधतात आणि पांढुर्णा व सावरगाव अशा दोन काठांवरचे लोक एकमेकांवर दगड फेकतात. वर्तमानपत्रात या गावाचे नाव वर्षातून एकदा येते ते बहुधा या दगडांमुळेच. त्यानंतर तीन दिवसांनी आमच्या गोव्यात चवथ. त्या वेळी आपण मान वर करून माटोळी बांधत असतो.

मित्रहो, मला आज त्या दगडांविषयी लिहायचे नाही. मान वर केल्यावर दिसते त्या छताविषयी लिहायचे आहे. चवथीच्या आधी आपल्याकडे घरोघरी रंगकामाचा विषय निघतो. रंगारी येतो, वर बघतो, बोटांनी ठोकून पाहतो आणि पुट्टीची किती पोती लागतील तो आकडा सांगतो. छत कसे, काचेसारखे गुळगुळीत झाले पाहिजे, ही आपली अपेक्षा. ही अपेक्षा फार जुनी असेल असे आपल्याला वाटते. प्रत्यक्षात आपल्या आजोबा-पणजोबांच्या घरात रंगवण्यासारखे छत बहुधा नव्हतेच. हे नीट कळायचे असेल तर थोडे दूर, सातपुड्याच्या पायथ्याशी, पांढुर्णा आणि सौसर या दोन तालुक्यांत जाऊन यावे असे मला वाटते. तिथेच का, तेही सांगतो.

हे दोन्ही तालुके मराठी बोलतात, पण महाराष्ट्रात नाहीत. नागपूरकर भोसल्यांच्या राज्याचा हा भाग. १८५३ मध्ये तिसरे रघुजी वारले, १८५४ मध्ये डलहौसीने नागपूरचे राज्य खालसा केले आणि १८६१ मध्ये मध्य प्रांत तयार झाला. पुढे १ नोव्हेंबर १९५६ रोजी राज्यांची पुनर्रचना झाली. विदर्भाचे आठ जिल्हे तेव्हाच्या मुंबई राज्यात गेले. छिंदवाडा जिल्हा मात्र मध्य प्रदेशात राहिला आणि त्याच्याबरोबर त्याच्या दक्षिणेकडची ही मराठी गावेही राहिली. २०२३ मध्ये पांढुर्णा व सौसर हे दोन तालुके मिळून पांढुर्णा हा स्वतंत्र जिल्हा झाला. शाळा-कचेरी हिंदीत आणि घर-अंगण मराठीत, असा तिथला संसार आहे. गोव्याची गोष्ट वेगळी असली तरी महाराष्ट्राबाहेर राहून मराठी वाचणाऱ्या आपल्यासारख्यांना तो संसार परका वाटू नये.

पांढुर्णा हे नाव उच्चारले की मराठी कानाला त्यात 'पांढर' ऐकू येते. जुन्या मराठी गावगाड्यात जमिनीचे दोन भाग मानत. शेताची ती काळी आणि वस्तीची ती पांढरी. काळ्या जमिनीत पीक निघते. पांढरीत घरे उभी राहतात, पडतात आणि त्यांच्याच मातीवर पुन्हा उभी राहतात. पिढ्यान्‌पिढ्या भिंतींची माती, राख आणि चुना एकत्र मुरून ती जमीन फिकट होते. देशावर धाब्याच्या घरांच्या छपरावर हीच पांढरी माती पसरत, कारण ती पाणी सहजी आत जाऊ देत नाही. म्हणजे जुन्या गावाची माती नव्या घराच्या डोक्यावर जाई.

नागपूर-छिंदवाडा पट्ट्यातली जुनी घरे मात्र बहुतेक उतरत्या छपराची. मातीच्या किंवा कुडाच्या भिंती, सागाची मयाल, त्यावर लाकडी फाटे, बांबूच्या कमच्या आणि सर्वांत वर कवेलू. कवेलू म्हणजे आपल्याकडच्या नळ्यांचाच भाऊ, कुंभाराने घडवलेले अर्धगोल देशी कौल. दरवर्षी पावसाळ्याआधी छपरावर चढून फुटके कवेलू काढायचे आणि नवे बसवायचे, याला कवेलू फेरणे म्हणतात. माकडांचा एक कळप छपरावरून गेला की हे काम दुसऱ्यांदा करावे लागते. सपाट जागा अशी घरात वर कुठे नसतेच. फार तर सामान ठेवायला माळा, किंवा धूळ खाली पडू नये म्हणून बुरुडाकडून विणून घेतलेला बांबूचा टट्टा.

या घराची रंगरंगोटी कशी होई? दसरा-दिवाळीच्या आधी घरातल्या बायका पांढरी माती पाण्यात कालवून भिंती पोतारत. हिंदीत या मातीला छुई म्हणतात. फडक्याचा बोळा बुडवायचा आणि हाताला पोचेल तिथपर्यंत भिंतीवर सारखा फिरवायचा. हे पोतारणे म्हणजेच हिंदीतली पुताई. शब्द एकाच कुळातले. आपल्या कोकणीतले पोतेरे हे त्याच घरातले, फक्त आपल्याकडे ते भिंतीवरून जमिनीवर उतरले. पोतारलेली भिंत हाताच्या उंचीपर्यंत पांढरी आणि त्यावर सगळा काळोख. चुलीचा धूर कवेलूंच्या फटींतून बाहेर जाताना मयाल, फाटे, कमच्या यांच्यावर काजळीचा थर देऊन जाई. तो कोणी खरवडत नसे. त्या धुरामुळे बांबू आणि लाकडाला कीड कमी लागते हे सर्वांना ठाऊक होते. म्हणजे भिंत पांढरी आणि छत काळे, अशी ती विभागणी होती. छत पांढरे करणे हे त्या घरात अशक्यही होते आणि अनावश्यकही.

मग पांढऱ्या, सपाट, गुळगुळीत छताची कल्पना आली कुठून? माझ्या समजुतीने ती कापडातून आली. मराठीत छत या शब्दाचा एक जुना अर्थ वर ताणलेले कापड असाच आहे. देवघरातला चांदवा, लग्नातला मांडव, राजाच्या डोक्यावरचे छत्र, ही सगळी वरचे ओबडधोबड झाकून खाली सुबक पृष्ठभाग देण्याची साधने.

या कल्पनेचे मराठी मुलुखातले सर्वांत भव्य उदाहरण अजिंठ्याचे. त्याचा पांढुर्ण्याशी एक धागा आहे. वाकाटक राजा दुसरा प्रवरसेन याचा एक ताम्रपट पांढुर्ण्याला सापडला. महामहोपाध्याय वा. वि. मिराशी यांनी वाकाटकांच्या कोरीव लेखांचा जो ग्रंथ १९६३ मध्ये सिद्ध केला, त्यात तो समाविष्ट आहे. पाचव्या शतकात हा मुलूख वाकाटकांच्या नंदिवर्धन शाखेखाली होता. त्याच घराण्याच्या वत्सगुल्म, म्हणजे वाशिमच्या शाखेतल्या हरिषेण राजाच्या काळात अजिंठ्याची पुष्कळशी लेणी घडली. सोळाव्या लेण्याचा दाता वराहदेव हा त्याचाच मंत्री.

अजिंठ्याच्या पहिल्या आणि दुसऱ्या लेण्यात गेलात तर भिंतींवरच्या जातककथा पाहून झाल्यावर मान वर करा. छतावर चौकटी आहेत, त्यांत फुले, फळे, पक्षी, हंस, कमळांची वर्तुळे. पाहणाऱ्याला वाटते की वर नक्षीचा चांदवा ताणला आहे. आता हे छत गुळगुळीत कसे केले ते पाहा. खाली बेसॉल्ट खडक, छिन्नीच्या घावांनी मुद्दाम खडबडीत ठेवलेला. त्यावर मातीचा गिलावा. त्यात भाताचा तूस आणि वनस्पतींचे धागे मिसळलेले, म्हणजे वाळताना माती तडकू नये. त्यावर बारीक मातीचा दुसरा हात. आणि सर्वांत वर अगदी पातळ पांढरा थर, ज्यावर चित्रकाराची कुंची फिरली. खडबडीत, मग कमी खडबडीत, मग बारीक, मग अतिबारीक. आजचा चांगला रंगारी याच क्रमाने जातो. पंधराशे वर्षांत साहित्य बदलले, क्रम बदलला नाही.

इंग्रज आमदानीत कापडाचे छत नव्या रूपात परत आले. मध्य प्रांतातले साहेबांचे बंगले गवताच्या किंवा कौलांच्या उतरत्या छपराचे असत. वरून धूळ, पाली, विंचू खाली पडत. म्हणून लाकडी चौकटीवर जाडेभरडे सुती कापड ताणून बसवत आणि त्यावर चुना फासत. खालून पाहणाऱ्याला पांढरेशुभ्र सपाट छत दिसे. यूल आणि बर्नेल यांच्या १८८६ सालच्या 'हॉब्सन-जॉब्सन' या कोशात 'छत' हा शब्द याच अर्थाने नोंदवलेला आहे. इंग्रजांच्या बोलीत छत म्हणजे हे चुना दिलेले कापडच झाले होते. किप्लिंगच्या 'द रिटर्न ऑफ इम्रे' या कथेत बेपत्ता झालेल्या साहेबाचे प्रेत अशाच कापडी छताच्या वर लपवलेले सापडते. छिंदवाड्याला लागून असलेल्या शिवनीच्या जंगलात ज्याने मोगलीला वाढवले, तोच हा लेखक. गुळगुळीत पांढऱ्या छताच्या वर काय दडले आहे ते खाली बसलेल्याला दिसत नाही, ही त्या कथेतली भीती. पुढे छताला ओल आली म्हणजे ती कथा आठवावी.

कापडावर असो की गिलाव्यावर, पांढरेपणा येतो चुन्याने. आता चुन्याकडे वळू, कारण गुळगुळीतपणाचे खरे रहस्य तिथे आहे.

चुनखडीचा दगड भट्टीत सुमारे ९०० अंशांपर्यंत तापवला की त्यातला कर्बवायू निघून जातो आणि चुनकळी उरते. तिच्यावर पाणी घातले की ती फसफसते, तापते, फुटते आणि विरते. हा विरलेला चुना भिंतीवर लावला की तो हवेतला कर्बवायू हळूहळू परत घेतो आणि पुन्हा दगड होतो. दगडातून निघालेला हा वायू म्हणजे काय, ते स्कॉटलंडच्या जोसेफ ब्लॅकने १७५० च्या दशकात प्रयोगांनी दाखवले. आपल्या गवंड्यांना त्याचे नाव ठाऊक नव्हते, पण चुना वाळत नाही, तो मुरतो, एवढे पक्के ठाऊक होते.

सगळा चुना एका जातीचा नसतो. पांढुर्ण्याकडची जमीन लाव्हाच्या दगडाची आणि काळ्या मातीची. अशा मुलखात मातीत आणि नदीकाठी चुनखडीचे खडे मिळतात, त्यांना कंकर म्हणतात. दख्खनभर बांधकामाचा चुना पुष्कळसा कंकराचाच. त्यात मातीचा अंश असतो, म्हणून तो दर्जाला मजबूत पण रंगाला मळकट. भिंत जोडायला उत्तम, पांढरी द्यायला सामान्य. सौसरच्या बाजूला मात्र भूमी बदलते. तिथे अतिप्राचीन खडक उघडे पडले आहेत आणि त्यांत मँगनीजबरोबर संगमरवराचेही थर आहेत. भारतीय भूगर्भ सर्वेक्षण खात्याचे लुईस फर्मोर यांनी या खडकांना 'सौसर मालिका' असे नाव दिले. जगभरच्या भूगर्भशास्त्राच्या पुस्तकांत सौसर हे नाव आहे ते या खडकांमुळे. पांढुर्णा गोटमारीमुळे छापून येते आणि सौसर खडकांमुळे, म्हणजे दोघांचीही कीर्ती दगडांचीच! संगमरवर आणि भिंतीवर मुरलेला चुना यांचा मूळ पदार्थ एकच, हे लक्षात घेतले तर त्या प्रदेशाचे पांढऱ्याशी असलेले नाते अधिक गमतीचे वाटते. पुढे रेल्वे आल्यावर कटनीसारख्या भट्ट्यांच्या गावांचा शुभ्र चुना दूरदूर जाऊ लागला आणि पांढरी मातीने पोतारलेल्या भिंतींच्या जागी चुन्याची सफेदी दिसू लागली.

आमच्या गोव्यात डोंगरचा दगड तांबडा. चिऱ्यात चुना नाही. म्हणून आपण नदी-समुद्राकडे वळलो. खुबे आणि शिंपले भाजून केलेला चुना हा गोव्याचा चुना. शिंपल्यात मातीचा अंश जवळजवळ नसल्यामुळे तो पांढरा आणि चिकण. आपल्या देवळांतली कावी कला याच चुन्यावर उभी आहे. शिंपल्यांचा चुना, वाळू आणि गूळ एकत्र कुजवून, कुटून केलेला गिलावा, त्यावर हुरमुंजाचा तांबडा थर, आणि तो थर ओला असतानाच कोरून काढलेली पांढरी नक्षी. मोरजीच्या मोरजाई देवळात हे काम पाहता येते.

गुळगुळीत हात हवा असेल तर त्या काळी निरू करत. उत्तम चुना विरवायचा, कापडातून गाळायचा आणि पाण्याखाली कित्येक दिवस ठेवायचा. जितका मुरेल तितका लोण्यासारखा मऊ. जाड गिलावा ओलसर असतानाच त्यावर निरूचा दोन-तीन मिलिमीटरचा हात द्यायचा आणि थापीने घोटत राहायचे. वरून संगजिऱ्याची पूड चोळली की चकाकी येई. सरकारी इमारतींत लोखंडी तुळयांमध्ये विटांच्या छोट्या कमानी घालून छत करत. त्या कमानींच्या पोटाला असाच चुन्याचा हात असे. जुन्या कचेऱ्यांत अजून ती लाटांसारखी छते दिसतात. माझी उमेदीची वर्षे तशाच एका छताखाली फायली लावण्यात गेली. पंखा बंद पडला की वर पाहत बसायला ते छत फार चांगले होते.

सफेदीत थोडी नीळ टाकायची प्रथाही सर्वत्र होती. चुना जुना झाला की पिवळट दिसतो. निळी छटा ती पिवळाई मारते आणि डोळ्याला अधिक पांढरे भासते. पूर्वी हा निळा रंग अफगाणिस्तानातल्या लाजवर्दी दगडातून काढत आणि तो सोन्याच्या भावाचा असे. १८२० च्या दशकात फ्रान्समधल्या गिमे याने तो कारखान्यात बनवला आणि काही दशकांत तो खेड्यातल्या दुकानात पुडीने मिळू लागला. छताला चुना देताना दोन हात द्यायचे, एक खोलीच्या लांबीने आणि एक रुंदीने, म्हणजे कुंच्याचे फराटे एकमेकांत मिटतात. डोक्याला फडके बांधायचे आणि डोळे सांभाळायचे, कारण चुना डोळ्यात गेला तर बुबुळ भाजते. लगेच भरपूर पाण्याने धुवून डॉक्टरकडे जावे लागते.

आता सिमेंट. १९१४ च्या सुमारास पोरबंदरच्या कारखान्यातून भारतात सिमेंट नियमित निघू लागले, पण सामान्य माणसाच्या घरापर्यंत ते यायला आणखी साठ-सत्तर वर्षे लागली. सिमेंटवर सरकारी नियंत्रण होते. परवाना लागे. शेजारच्या महाराष्ट्रात सिमेंटच्या वाटपावरून १९८२ मध्ये मुख्यमंत्र्यांना पायउतार व्हावे लागले, एवढे त्या राखाडी पुडीचे मोल. त्याच १९८२ मध्ये नियंत्रण अंशतः उठले आणि १९८९ मध्ये पूर्ण उठले. त्यानंतर गावोगाव स्लॅब पडू लागले. कवेलूखाली राहणाऱ्या माणसाच्या डोक्यावर प्रथमच एक सपाट, आडवी, मोकळी जागा आली. २०१६ मध्ये प्रधानमंत्री आवास योजनेचा ग्रामीण भाग सुरू झाला. त्यात घराचे किमान क्षेत्र २५ चौरस मीटर ठरले. त्याच वर्षी मे महिन्यात उज्ज्वला योजना आली आणि गॅसची शेगडी खेड्यांत पोचू लागली. छताच्या इतिहासात या दोन गोष्टी मला एकत्र दिसतात. स्लॅबने सपाट जागा दिली आणि गॅसने धूर कमी केला. काजळी थांबल्याशिवाय पांढरे छत टिकत नाही.

स्लॅबचे पोट मात्र गुळगुळीत नसते. सेंट्रिंगच्या पत्र्यांचे सांधे, फळ्यांचे ठसे, हवेची भोके, सगळे त्यात उमटते. म्हणून ते छिन्नीने टोचून खरखरीत करतात, म्हणजे गिलावा धरतो. छताचा गिलावा पातळ, साधारण सहा मिलिमीटरचा. जाड दिला तर स्वतःच्या वजनाने सुटतो. तो आठवडाभर पाण्याने भिजवायचा आणि मग महिनाभर वाळू द्यायचा. त्यानंतर प्राइमर, मग पुट्टीचे दोन पातळ हात. पूर्वी रंगारी खडूची पूड आणि जवसाचे तेल मळून लांबी करत आणि फक्त खाचा भरत. पांढऱ्या सिमेंटचे मोठे कारखाने १९८० च्या दशकात राजस्थानात निघाले आणि या शतकात पांढऱ्या सिमेंटची पुट्टी पोत्यांनी घरोघर आली. आता खाच भरण्याऐवजी सगळे छतच पुट्टीने मढवतात. वाळल्यावर पॉलिश पेपरने घासायचे, तोंडाला फडके बांधून, कारण ती धूळ फुप्फुसाला वाईट. घासताना दिवा छताजवळ तिरपा धरायचा. समोरून पडणाऱ्या उजेडात न दिसणारा उंचवटा तिरप्या उजेडात लगेच सावली टाकतो. मग पुन्हा प्राइमर आणि रंगाचे दोन हात, शेवटचा हात खिडकीकडून आत, उजेडाच्या दिशेने. रंग बिनचकाकीचा घ्यावा, चकाकी प्रत्येक दोष उघडा करते. आणि भिंतींआधी छत रंगवावे, शिंतोडे खाली पडतात म्हणून.

यात एक गोष्ट चुकली की सगळे वाया जाते. जुन्या घरात छताला वर्षानुवर्षांच्या सफेदीचे थर असतात. ते पूर्ण खरवडल्याशिवाय त्यावर पुट्टी किंवा प्लॅस्टिक रंग टिकत नाही. सफेदी भुकटीसारखी सुटी असते. नवा रंग वाळताना आक्रसतो आणि ती भुकटी घेऊनच पापुद्र्यासारखा खाली येतो. चुन्यावर चुना चालतो, चुन्यावर प्लॅस्टिक चालत नाही. अजिंठ्याचा गवंडी खडक खडबडीत ठेवून वर चढत गेला, तेच तत्त्व. वरचा हात खालच्याला धरून राहतो. खालचा ढिला असेल तर वरच्याचे काही चालत नाही.

गोव्यात हे अधिक लागू. नागपूरकडे वर्षाला हजार-अकराशे मिलिमीटर पाऊस पडतो, आपल्याकडे त्याच्या सुमारे तिप्पट. तिकडचा माणूस पाऊस संपल्यावर, दसऱ्याच्या उन्हात घर पांढरे करतो. आपण चवथीसाठी, म्हणजे ऐन ओलाव्यात, रंग काढतो. चुन्याचा हात असता तर भिंतीतली ओल त्यातून बाहेर गेली असती. प्लॅस्टिक रंगाखाली ती अडकते, फुगे येतात, बुरशी येते. लेप काढला तर काय होते याचा धडाही आपल्याजवळच आहे. जुन्या गोव्यातल्या बॉम जेझू बासिलिकेचा चुन्याचा गिलावा १९५० च्या दशकात एका पोर्तुगीज वास्तुविशारदाच्या हुकमाने उतरवला गेला. चिरा उघडा दिसावा, इमारत प्राचीन वाटावी, ही त्यामागची आवड. १६०५ मध्ये प्रतिष्ठापना झालेली ती इमारत साडेतीन शतके त्या गिलाव्याच्या आड पाऊस सोसत होती. आता उघडा चिरा झिजतो आहे आणि गिलावा परत द्यावा की नाही यावर वाद चालू आहे. चुन्याचा हात शोभेचा म्हणून काढला, आणि तो इमारतीची कातडी होता हे नंतर कळले.

विदर्भाच्या आणि सातपुड्याच्या उन्हाळ्यात स्लॅबची दुसरी परीक्षा होते. कवेलूंच्या फटींतून गरम हवा निघून जात असे. स्लॅब दिवसभर तापतो आणि रात्रभर खोलीत ऊब सोडतो. म्हणून आता गच्चीवर चुना किंवा पांढरा रंग देण्याचा सल्ला देतात. अहमदाबाद महापालिकेने २०१३ मध्ये उष्णतेविरुद्धचा कृती आराखडा केला आणि पुढे वस्त्यांची छपरे पांढरी करण्याची मोहीम काढली. पांढरा रंग ऊन परत फेकतो, एवढेच शास्त्र. खालून गुळगुळीत करण्यावर आपण जेवढा खर्च करतो, त्याच्या काही अंशात वरून चुन्याचे दोन हात देता येतात. डोक्यावर पांढरी हवीच असेल तर ती आधी छताच्या पाठीवर द्यावी, पोटावर नंतर.

हे सगळे लिहिताना मला राहून राहून शब्दांचे वाटते. कवेलू फेरणे, पोतारणे, विरवणे, निरू, घोटणे, लांबी. पांढुर्ण्याच्या शाळेत किंवा आमच्या पणजीच्या कचेरीत हे शब्द कोणी शिकवत नाही. शिकवण्याची गरजही नव्हती. काम होते तोवर शब्द आपोआप पुढच्या पिढीकडे जात. आज पांढुर्ण्याच्या दुकानात आणि म्हापशाच्या दुकानात पुट्टी, प्राइमर आणि पीओपी हेच तीन शब्द चालतात. १९८७ च्या राजभाषा कायद्याने गोव्यात कोकणी राजभाषा झाली, मराठीलाही शासकीय कामकाजात जागा मिळाली. अर्ज, परिपत्रके, नोंदी यांत ती जागा मी रोज सांभाळतो आणि तिची किंमत मला ठाऊक आहे. पण कोणतेही परिपत्रक 'पोतारणे' हा शब्द जिवंत ठेवू शकत नाही. तो त्या बाईच्या हातातल्या बोळ्यात होता. भाषेच्या सीमेवर, राज्याबाहेर राहणाऱ्यांच्या मराठीत असले कामाचे शब्द फार असतात, कारण तिथे मराठी घरात आणि अंगणातच नांदते. काम गेले की तिथे शब्द आधी जातात.

म्हणून या वर्षी रंगारी छत खरवडायला लागला की थोडा वेळ जवळ उभे राहा. जुन्या घरात एकेक पापुद्रा निघतो. वर प्लॅस्टिक रंग, खाली डिस्टेंपर, त्याखाली निळसर सफेदी, त्याखाली पिवळट झालेला जुना चुना. घरातल्या म्हाताऱ्या माणसाला बोलवा आणि विचारा, हा थर कोणी दिला होता, कशाने दिला होता, त्याला काय म्हणत. चवथीच्या गडबडीत दहा मिनिटे जातील. त्यानंतर पुट्टी भरून खुशाल छत गुळगुळीत करा.